गंधर्व नाटक मंडळीतला तो पोरगा, ज्याने पुढे खुद्द बालगंधर्वांनाच कॅमेऱ्यासमोर उभं केलं

देवळाली कॅम्पात कुणाकडेही सिनेमाचा विषय काढून बघा. एक नाव हमखास येतं ते दिलीपकुमार यांचं, कारण ते इथल्या बार्न्स शाळेत शिकले. आणि दुसरं येतं दादासाहेब फाळके यांचं. त्र्यंबकेश्वरात जन्मलेल्या फाळक्यांचा अभिमान अख्ख्या नाशिक जिल्ह्याला आहे.

पण भारतीय सिनेमाच्या या जनकाला म्हातारपणी नाशिकमध्ये स्वतःचं घर मिळालं, ते कुणाच्या पुढाकाराने, हे मात्र फारसं कुणी सांगत नाही.

साल होतं १९३९. भारतीय चित्रपट उद्योगाला २५ वर्षं झाली म्हणून मुंबईत मोठा रौप्यमहोत्सव भरला होता. ज्या माणसाने हा धंदा देशात उभा केला, त्या फाळक्यांची तेव्हा सत्तरीकडे वाटचाल सुरू होती आणि हातात पैसा उरला नव्हता. या महोत्सवात एक दिग्दर्शक उभा राहिला. फाळक्यांना घर बांधता यावं म्हणून निर्माते, दिग्दर्शक आणि कलाकारांनी वर्गणी काढावी, असं आवाहन त्याने केलं.

लाखोंची उलाढाल करणाऱ्या या धंद्यातून पैसे किती जमले? अगदीच थोडे. मग या दिग्दर्शकाने आपल्या कंपनीकडून भर घातली आणि रक्कम फाळक्यांना दिली. त्यातून नाशिकच्या गोळे कॉलनीत एक छोटा बंगला झाला. फाळक्यांची शेवटची वर्षं तिथेच गेली.

त्या दिग्दर्शकाचं नाव होतं व्ही. शांताराम.

आपल्याला शांताराम म्हटलं की ‘पिंजरा’ आठवतो, ‘दो आँखें बारह हाथ’ आठवतो, पांढऱ्या टोपीतला तो रुबाबदार माणूस आठवतो. पण त्यांच्या आयुष्यात एक गोष्ट पुन्हा पुन्हा घडलेली दिसते. ज्या मोठ्या माणसांच्या हाताखाली ते पोरसवदा वयात उभे राहिले, तीच माणसं पुढे त्यांच्यासमोर येऊन उभी राहिली. कधी नट म्हणून, कधी अडचणीत सापडलेली म्हणून.

ही गोष्ट नीट कळायला थेट १९१४ च्या आसपास जावं लागतं.

शांताराम राजाराम वणकुद्रे यांचा जन्म १८ नोव्हेंबर १९०१ चा, कोल्हापूरचा. नावातला ‘व्ही’ आला तो या वणकुद्रे आडनावातून. वडील जैन, आई हिंदू. घरची परिस्थिती बेताची होती.

त्या काळात कोल्हापूरच्या पोराला नाव कमवायचं असेल तर दोनच जागा होत्या. एक तालीम, दुसरी नाटक. संगीत नाटकाचा तो भराचा काळ होता. १९१३ मध्ये बालगंधर्व, गणेशराव बोडस आणि गोविंदराव टेंबे यांनी मिळून गंधर्व नाटक मंडळी काढली होती. बालगंधर्वांच्या नाटकाला लोक गावोगावहून यायचे. त्यांनी नेसलेलं लुगडं आणि केसांत माळलेला गजरा बघून बायका फॅशन ठरवायच्या.

याच मंडळीत गोविंदराव टेंब्यांच्या ओळखीने बारा-तेरा वर्षांचा शांताराम दाखल झाला. काम काय, तर बालनटाचं. छोट्या छोट्या भूमिका करायच्या आणि मोठ्यांची कामं बघत राहायची.

आजच्या बालकलाकाराशी याची तुलना करू नका. तेव्हा नाटक कंपनीतला पोरगा म्हणजे घरदार सोडून कंपनीच्या बिऱ्हाडात राहणारा, कंपनीच्या पंगतीत जेवणारा आणि कंपनी जाईल त्या गावाला जाणारा. शाळा सुटायची ती सुटायचीच. पुढे आवाज लागला आणि गाणं आलं तर नायक-नायिका होण्याची आशा. नाहीतर जन्मभर किरकोळ कामं.

शांताराम तिथे वर्षभराच्या आसपासच राहिले. पण प्रेक्षक कशाला हसतो, कधी गप्प होतो, दिवा कुठून पडला की चेहरा उठून दिसतो, हे त्या पोराने कोवळ्या वयात स्टेजवरून पाहिलं होतं.

त्यानंतरचा मुक्काम हुबळी. तिथे त्यांनी रेल्वेच्या कारखान्यात नोकरी केली आणि संध्याकाळी एका पत्र्याच्या सिनेमा थिएटरात दारावरचा पोरगा म्हणून काम धरलं. मोठी कमाई नव्हती, पण एक फायदा होता. सिनेमा फुकट बघायला मिळायचा, आणि तोही एकदा नाही, रोज.

तेव्हा देशात फाळक्यांच्या चित्रपटांचा बोलबाला होता. १९१३ मध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ झाला, त्यानंतर फाळक्यांनी आपलं बिऱ्हाड नाशिकला हलवलं. १९१७ मध्ये ‘लंका दहन’ आला. १९१९ च्या ‘कालिया मर्दन’मध्ये तर फाळक्यांनी आपल्या लहानग्या मंदाकिनीलाच बाळकृष्ण केलं. पोरांना पडद्यावर आणणं या धंद्यात पहिल्यापासूनच होतं.

इकडे कोल्हापुरात बाबूराव पेंटर नावाच्या चित्रकाराने महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली होती. बाबूराव हे अफाट प्रकरण होतं. पडदे रंगवणारा हा माणूस, त्याने कॅमेरासुद्धा स्वतःच्या हाताने घडवला. याच कंपनीत शांतारामांचे मावसभाऊ बाबूराव पेंढारकर होते. त्यांच्यामुळे १९२० मध्ये शांताराम कंपनीत आले.

आले म्हणजे थेट नट झाले असं नाही. झाडलोट करण्यापासून सेट उभारण्यापर्यंत, फिल्म धुण्यापासून कॅमेऱ्याला हात लावण्यापर्यंत पडेल ते काम. १९२१ च्या ‘सुरेखा हरण’मध्ये त्यांना कृष्णाची भूमिका मिळाली. १९२५ च्या ‘सावकारी पाश’मध्ये ते तरुण शेतकरी झाले. सावकाराने जमीन गिळल्यावर शहरात मजुरीला जाणाऱ्या शेतकऱ्याची ती गोष्ट. देवादिकांच्या चित्रपटांच्या त्या जमान्यात बाबूराव पेंटरांनी हा विषय घेतला होता. सिनेमात आजच्या माणसाचं दुखणं मांडता येतं, हा धडा शांतारामांना इथे मिळाला.

१९२७ मध्ये ‘नेताजी पालकर’ त्यांनी दिग्दर्शित केला. नाटकातला पोरगा वयाच्या पंचविशीत दिग्दर्शक झाला होता.

दोनच वर्षांत, १ जून १९२९ ला, पाच जणांनी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी सुरू केली. विष्णुपंत दामले, शेख फत्तेलाल, केशवराव धायबर, सीताराम कुलकर्णी आणि शांताराम. यातले कुलकर्णी भांडवल पुरवणारे, बाकीचे चौघे बाबूराव पेंटरांकडे तयार झालेले. म्हणजे चेल्यांनी गुरूचं घर सोडून शेजारीच नवीन घर बांधलं. पेंटरांच्या कंपनीला त्यानंतर उतरती कळा लागली. हा हिशेब मनात ठेवा, पुढे तो पुन्हा येणार आहे.

१९३१ मध्ये बोलपट आले आणि मूकपटवाल्यांची झोप उडाली. प्रभातने पहिला बोलपट केला तो १९३२ चा ‘अयोध्येचा राजा’. फाळक्यांनी ज्या हरिश्चंद्राच्या कथेने सुरुवात केली, तीच कथा आता आवाजासकट. तारामती झाल्या दुर्गा खोटे. चांगल्या घरातल्या बायकांनी सिनेमात काम करू नये असं मानलं जाण्याच्या त्या काळात ही मोठी गोष्ट होती.

आणि हरिश्चंद्र कोण? गोविंदराव टेंबे.

म्हणजे ज्यांच्या शब्दावर तेरा वर्षांच्या शांतारामला गंधर्व मंडळीत जागा मिळाली, तेच टेंबे आता शांतारामांच्या सूचनेनुसार कॅमेऱ्यासमोर उभे होते. चित्रपटाचं संगीतही टेंब्यांचंच. चित्रपट जोरात चालला.

१९३३ मध्ये प्रभात कोल्हापूरहून पुण्याला आली. त्याच वर्षी त्यांनी ‘सैरंध्री’ रंगीत करायचा घाट घातला. त्यासाठी शांताराम जर्मनीला गेले, पण रंग मनासारखे उतरले नाहीत. पैसा गेला, तरी प्रवास वाया गेला नाही. तिकडचे स्टुडिओ, तिकडची प्रकाशयोजना बघून ते परत आले आणि १९३४ मध्ये ‘अमृतमंथन’ केला. त्यातला राजगुरूचा पडदाभर मोठा दिसणारा डोळा लोक वर्षानुवर्षं विसरले नाहीत.

तोपर्यंत संगीत नाटकाचे दिवस फिरले होते. जी गर्दी रात्रभर नाट्यगृहात बसायची, ती आता कमी पैशांत बोलपटाला जात होती. गंधर्व नाटक मंडळीवर कर्ज चढलं होतं. भरजरी शालू, अत्तर आणि खर्चिक सजावटीसाठी प्रसिद्ध असलेल्या या कंपनीचा मालक आता दुसरा मार्ग शोधत होता.

बालगंधर्व प्रभातमध्ये आले. ज्याच्या कंपनीत शांताराम एक किरकोळ पोरगा होते, तो नटसम्राट १९३५ मध्ये त्यांच्या चित्रपटात नायक झाला. चित्रपट होता संत एकनाथांवरचा. अस्पृश्यता पाळणाऱ्यांना जाब विचारणाऱ्या या चित्रपटाचं नाव आधी ‘महात्मा’ होतं. गांधीजींमुळे तो शब्द सरकारला खुपला आणि सेन्सॉरच्या आक्षेपानंतर नाव बदलून ‘धर्मात्मा’ करावं लागलं.

आता विचार करा. आयुष्यभर स्त्रीभूमिकांनी महाराष्ट्राला वेड लावलेला नट सत्तेचाळिसाव्या वर्षी पुरुषवेषात एकनाथ म्हणून पडद्यावर आला. नाटकात समोरच्या प्रेक्षकाने वन्समोअर दिला की बालगंधर्व तेच पद पुन्हा नव्याने गायचे. कॅमेऱ्यासमोर वन्समोअर नसतो. तिथे दिग्दर्शक थांब म्हणाला की थांबायचं, आणि पुन्हा म्हणाला की तेच, तसंच पुन्हा करायचं.

हा मेळ जमला नाही. प्रभात आणि बालगंधर्वांचं नातं या एका चित्रपटापुरतंच राहिलं. पुढे १९३७ मध्ये बालगंधर्वांनी ‘साध्वी मीराबाई’ केला, तो दिग्दर्शित केला होता बाबूराव पेंटरांनी. तोही त्यांना तारू शकला नाही आणि ते रंगभूमीवर परतले.

शांतारामांनी बालगंधर्वांना संधी दिली हे खरं, पण त्यांचे दिवस पालटले नाहीत हेही तितकंच खरं. एका माध्यमाचा राजा दुसऱ्या माध्यमात राजा राहीलच असं नसतं. ते त्या नाटक कंपनीतून बाहेर पडलेल्या पोराला लवकर कळलं होतं, म्हणूनच त्याने सिनेमात नाटक कमी करत नेलं.

त्याचा पुरावा म्हणजे १९३७ चा ‘कुंकू’. नारायण हरी आपटे यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवरचा हा चित्रपट. म्हाताऱ्या वकिलाशी फसवून लग्न लावून दिलेली नीरा त्याला नवरा मानायला नकार देते. शांता आपटे यांनी नीरा केली, केशवराव दाते यांनी म्हातारा. चित्रपटात पार्श्वसंगीत ठेवलंच नाही. घड्याळाची टिकटिक, भांड्यांचा आवाज, रस्त्यावरचा गोंगाट, एवढ्यावर घरातली घुसमट उभी केली. संगीत नाटकात वाढलेल्या माणसाने हे करावं, यातच सगळं आलं.

मग १९३९ मध्ये वेश्येच्या प्रेमात पडलेल्या पोलिसाचा ‘माणूस’ आला. त्यातला पोलीस झालेले शाहू मोडक हेही बालनटच, १९३२ च्या ‘श्यामसुंदर’मधला कृष्ण. १९४१ मध्ये हिंदू आणि मुसलमान मित्रांच्या दुराव्यावर ‘शेजारी’ आला. देशात तेव्हा फाळणीची भाषा सुरू झाली होती.

एक गैरसमज इथेच दूर करू. ‘संत तुकाराम’ हा प्रभातचा सगळ्यात गाजलेला चित्रपट शांतारामांचा नाही. तो दामले आणि फत्तेलाल यांचा. प्रभात ही एकट्याची करामत नव्हती.

आणि तीच प्रभात १९४२ मध्ये शांतारामांनी सोडली.

भागीदारांमध्ये मतभेद वाढले होते. त्यात घरात पत्नी विमलाबाई असताना शांतारामांनी १९४१ मध्ये अभिनेत्री जयश्री यांच्याशी लग्न केलं होतं. पुढे १९५६ मध्ये संध्या यांच्याशी तिसरं लग्न झालं. ‘कुंकू’मध्ये बाईच्या मनाची बाजू इतक्या ताकदीने मांडणाऱ्या दिग्दर्शकाच्या स्वतःच्या घरात बायकांच्या वाट्याला काय आलं, हा प्रश्न तेव्हाही लोकांनी विचारला आणि आजही विचारला जातो. तो टाळून शांतारामांचं चरित्र पूर्ण होत नाही.

शांताराम गेले आणि प्रभातची घडी विस्कटली. १९४५ मध्ये दामले वारले. १९५३ पर्यंत कंपनी बंद पडली. १९६० मध्ये त्याच जागेवर फिल्म इन्स्टिट्यूट उभी राहिली, जी आज आपण एफटीआयआय म्हणून ओळखतो. म्हणजे बाबूराव पेंटरांच्या कंपनीचं जे झालं, तेच प्रभातचंही झालं. हाताशी आलेली माणसं निघून गेली की कंपनी टिकत नाही.

शांतारामांनी मुंबईत परळला राजकमल कलामंदिर काढलं. वडील राजाराम आणि आई कमल, दोघांची नावं जोडून राजकमल. १९४३ च्या ‘शकुंतला’ने घसघशीत यश दिलं. १९४६ मध्ये ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’ आला. सोलापूरचे डॉक्टर द्वारकानाथ कोटणीस चीनमध्ये जखमी सैनिकांची सेवा करताना वारले, त्यांची ही गोष्ट. कोटणिसांची भूमिका शांतारामांनी स्वतः केली.

आणि मग १९४७ मध्ये मगाचा तो हिशेब पुन्हा समोर आला.

राजकमलने ‘लोकशाहीर रामजोशी’ काढायचं ठरवलं. दिग्दर्शनासाठी शांतारामांनी बोलावलं ते बाबूराव पेंटरांना. ज्यांच्या हाताखाली झाडलोट केली, ज्यांची कंपनी सोडून प्रभात काढली, त्या गुरूला त्यांच्या उतारवयात आपल्या स्टुडिओत मानाने आणलं. दिग्दर्शनात शांतारामांचाही हात होता. चित्रपट तुफान चालला, लावणी आणि तमाशाच्या मराठी चित्रपटांची लाट तिथूनच आली. पेंटर १९५४ मध्ये गेले, पण त्याआधी त्यांच्या वाट्याला हे यश आलं.

पुढचा काळ तुम्हाला ठाऊकच आहे. १९५१ चा ‘अमर भूपाळी’ कानच्या महोत्सवात गेला आणि ध्वनिमुद्रणासाठी गौरवला गेला. १९५५ मध्ये ‘झनक झनक पायल बाजे’ टेक्निकलरमध्ये झळकला.

१९५७ चा ‘दो आँखें बारह हाथ’ मात्र थोडा थांबून सांगायला हवा. औंध संस्थानात, आजच्या सांगली जिल्ह्यातल्या आटपाडीजवळ, स्वतंत्रपूर नावाची वसाहत होती. तिथे खुनासारख्या गुन्ह्यांत शिक्षा झालेल्या कैद्यांना भिंती आणि बेड्यांशिवाय शेती करायला ठेवलं जायचं. त्यावरून ग. दि. माडगूळकरांनी कथा लिहिली. जेलरच्या भूमिकेत शांताराम स्वतः. बैलाशी झुंजण्याच्या प्रसंगात त्यांच्या डोळ्याला गंभीर दुखापत झाली आणि दृष्टी जाते की काय अशी वेळ आली.

दृष्टी वाचली. चित्रपटाला राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं, बर्लिनच्या महोत्सवात रौप्य अस्वल मिळालं, अमेरिकेत गोल्डन ग्लोबचा सन्मान मिळाला. डोळ्यांवर पट्टी बांधून काढलेल्या दिवसांतून पुढचा चित्रपट सुचला तो १९५९ चा ‘नवरंग’.

सत्तरी गाठली तरी ते थांबले नाहीत. १९७२ च्या ‘पिंजरा’त त्यांनी रंगभूमीवरच्या डॉ. श्रीराम लागूंना नायक केलं. गावाने देव मानलेला मास्तर तमाशातल्या बाईपायी कसा उतरत जातो, ही गोष्ट महाराष्ट्राने डोक्यावर घेतली. म्हणजे वयाच्या एकाहत्तराव्या वर्षीही नाटकाच्या स्टेजवरून माणूस उचलायचा आणि त्याला कॅमेऱ्यासमोर बोलतं करायचं, हे त्यांचं काम चालूच होतं. फरक इतकाच, की बालगंधर्वांच्या वेळी जे जमलं नव्हतं ते इथे जमलं.

शांतारामांनी घडवलेल्या माणसांची यादी मोठी आहे, तशी दुखावलेल्या माणसांची यादीही असेल. ते शिस्तीचे कडक, स्वतःच्या मताचे पक्के. एक कंपनी सोडली, दुसरी काढली, तीही सोडली. पण त्यांना ज्यांनी पहिली जागा दिली, त्या माणसांना ते विसरले नाहीत. टेंब्यांना हरिश्चंद्र केलं, बालगंधर्वांना एकनाथ केलं, पेंटरांना पुन्हा दिग्दर्शकाच्या खुर्चीत बसवलं. आणि ज्या फाळक्यांच्या हाताखाली कधी कामही केलं नाही, त्यांच्यासाठी सगळ्या धंद्यासमोर झोळी पसरली.

फाळके १६ फेब्रुवारी १९४४ ला नाशिकमध्येच वारले. त्यांच्या नावाने सरकारने पुढे चित्रपटसृष्टीतला सर्वोच्च पुरस्कार सुरू केला. १९८५ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार जाहीर झाला तो व्ही. शांताराम यांना.

ऑक्टोबर १९९० मध्ये शांताराम गेले. १९९२ मध्ये त्यांना मरणोत्तर पद्मविभूषण देण्यात आलं.

तेव्हा इथून पुढे नाशिकमध्ये कुणी फाळक्यांचा विषय काढला, तर गोळे कॉलनीतल्या त्या छोट्या बंगल्याची गोष्टही सांगा. त्या घराच्या पैशांत कोल्हापूरच्या एका बालनटाचा मोठा वाटा होता.